सूर्य पाठीशी, समुद्र समोर
चेन्नईतील एका संध्याकाळची बस-सहल

तिरुपतीचे दर्शन झालेले असते, रामेश्वरमची गाडी दुसऱ्या दिवशी असते आणि मधली एक संध्याकाळ चेन्नईत मोकळी मिळते. दक्षिणेच्या यात्रेला निघालेल्या कितीतरी मराठी कुटुंबांची या शहराशी ओळख होते ती अशी, जाता-जाता. काहींना डोळ्यांच्या किंवा हृदयाच्या उपचारांसाठी येथे यावे लागते आणि दोन तपासण्यांच्या मधली संध्याकाळ कशी घालवावी, हा प्रश्न पडतो. लॉजवर पंख्याखाली पडून राहण्यापेक्षा शहर दाखवणाऱ्या बसमध्ये बसावे, असे मग कोणीतरी सुचवते. आजोबा पाण्याची बाटली घेतात, आई पिशवीत चिवड्याचा पुडा टाकते, मुले खिडकीसाठी भांडतात आणि बस सुटते.

या बसमध्ये मुंबईकडचे एखादे मूल असले, की एक प्रश्न हमखास येतो : "सूर्य समुद्रात कधी बुडणार?"

उत्तर ऐकून मुलाचा चेहरा पडतो. चेन्नईचा समुद्र पूर्वेला आहे. येथे सूर्य समुद्रातून उगवतो आणि शहराच्या घरांमागे मावळतो. गिरगाव चौपाटीवर किंवा गणपतीपुळ्याला मावळतीचे तांबडे पाणी पाहण्याची सवय लागलेल्या डोळ्यांना ही संध्याकाळ आधी थोडी अपुरी वाटते. पण साडेपाच-सहानंतर इमारतींच्या सावल्या वाळूवर लांब पसरत जातात, दिवसभर तापलेल्या शहरावर समुद्राचा वारा येतो आणि पौर्णिमा असेल तर समोरच्या पाण्यातून चंद्र वर येतो. मुंबईच्या चौपाटीवर चंद्र असा समुद्रातून उगवताना दिसत नाही. यात्रेची तारीख पौर्णिमेच्या आसपास जमवता आली, तर ती जरूर जमवावी.

चेपॉकपासून सुरुवात

१९७१ साली स्थापन झालेल्या तामिळनाडू पर्यटन विकास महामंडळाच्या शहर-सहली वालाजा रोडवरील पर्यटन संकुलातून निघत आल्या आहेत. खासगी गाड्याही असतात. वेळा, मार्ग आणि भाडे हंगामानुसार बदलते. त्यामुळे आदल्या दिवशी विचारून घेणे चांगले. मार्गदर्शक बहुधा तमिळ आणि इंग्रजीत बोलतो. थोडे हिंदी आले तर आले.

बस सुटण्यापूर्वीच मराठी माणसाने एकदा मान वळवून पाहावे, असे ठिकाण अगदी शेजारी आहे. ते म्हणजे चेपॉकचे क्रिकेट मैदान. भारताने आपला पहिला कसोटी विजय मिळवला तो याच मैदानावर, १० फेब्रुवारी १९५२ रोजी, इंग्लंडविरुद्ध, एक डाव आणि ८ धावांनी. त्या संघाचे कर्णधार होते सांगलीचे विजय हजारे. विनू मांकड यांनी त्या सामन्यात बारा बळी घेतले होते. पुढे डिसेंबर १९८३ मध्ये वेस्ट इंडिजविरुद्ध नाबाद २३६ धावा काढून सुनील गावसकरांनी आपले तिसावे कसोटी शतक पूर्ण केले आणि सर डॉन ब्रॅडमन यांचा २९ शतकांचा विक्रम मागे टाकला, तेही येथेच.

आणखी एक आठवण हरण्याची आहे. जानेवारी १९९९ मध्ये पाठदुखीने बेजार झालेल्या सचिन तेंडुलकरने पाकिस्तानविरुद्ध १३६ धावा केल्या, पण भारत १२ धावांनी हरला. क्षणभर सुन्न झालेले मैदान मग उठून उभे राहिले आणि पाकिस्तानच्या खेळाडूंसाठी त्याने टाळ्या वाजवल्या. या शहराचा स्वभाव समजून घ्यायला ही एक गोष्ट पुरेशी आहे.

किल्ला आणि महाराजांचे पत्र

येथून बस उत्तरेकडे वळते. कूवम नदीवरचा नेपियर पूल लागतो. २०२२ साली जवळच्या मामल्लपुरम येथे बुद्धिबळाचे ऑलिंपियाड भरले, तेव्हा हा सारा पूल काळ्या-पांढऱ्या चौकटींनी रंगवला गेला होता. मुले ते ऐकून खूश होतात. मोठी माणसे मात्र नाकाला रुमाल लावतात, कारण कूवमच्या पाण्याला वास येतो. शहराची ही दुखरी बाजू कोणताही मार्गदर्शक लपवू शकत नाही.

पुलापलीकडे सेंट जॉर्ज किल्ला. २२ ऑगस्ट १६३९ रोजी ईस्ट इंडिया कंपनीच्या अधिकाऱ्यांना येथील नायकांकडून किनाऱ्याची एक चिंचोळी पट्टी मिळाली. चेन्नईकर हाच दिवस शहराचा वाढदिवस म्हणून साजरा करतात. पुढच्याच वर्षी किल्ल्याचे पहिले बांधकाम उभे राहिले आणि त्याच्याभोवती मद्रास वाढले. १९९६ साली या शहराचे नाव अधिकृतपणे 'चेन्नई' झाले, आपल्या मुंबईनंतर वर्षभराने. किल्ल्यात आज राज्याची विधानसभा आणि सचिवालय आहे, त्यामुळे बंदोबस्त कडक असतो. संध्याकाळच्या बसमधून किल्ला बहुधा बाहेरूनच पाहावा लागतो. आतले संग्रहालय आणि १६८० मधले सेंट मेरीज चर्च पाहायचे असेल, तर दुसऱ्या दिवशी लवकर यावे.

पण बाहेरून पाहतानाही मराठी प्रवाशाला येथे सांगण्याजोगे काही आहे. दक्षिण दिग्विजयाच्या मोहिमेत, १६७७ च्या मे महिन्यात छत्रपती शिवाजी महाराजांचा मुक्काम या भागाच्या जवळ होता. त्या वेळी महाराजांनी किल्ल्यातील इंग्रजांना पत्र पाठवून काही औषधी द्रव्ये आणि विषावरचे उतारे मागवले. किंमत कळवा, देऊ, असेही सांगितले. इंग्रजांनी वस्तू पाठवल्या, पण पैसे घेतले नाहीत. एवढ्या मोठ्या फौजेच्या धन्याला बिल पाठवण्यापेक्षा नजराणा पाठवणे शहाणपणाचे, हे त्या व्यापाऱ्यांना चांगले समजत होते! पुढे महाराजांनी तोफा-सुरुंगांच्या कामातले जाणकार मागितले, तेव्हा मात्र त्यांनी नम्रपणे अंग काढून घेतले.

किल्ल्याच्या उत्तरेला जॉर्ज टाऊन हा जुना व्यापारी भाग आहे. तेथे तंबू चेट्टी स्ट्रीटवर कालिकांबाळचे मंदिर आहे. शिवाजी महाराजांनी ३ ऑक्टोबर १६७७ रोजी येथे देवीचे दर्शन घेतले, अशी मंदिराची परंपरा सांगते आणि तसा फलकही तेथे आहे. मोठी बस त्या गल्लीत शिरू शकत नाही. ज्यांना दर्शन घ्यायचे असेल त्यांनी रिक्षाने वेगळे जावे. तमिळ महाकवी सुब्रमण्य भारती वृत्तपत्रात काम करीत असताना याच देवळात येत असत. लोकमान्य टिळकांना मानणाऱ्या भारतींनी शिवाजी महाराजांवर तमिळमध्ये काव्यही लिहिले आहे.

न्यायालयाच्या माथ्यावरचा दिवा

किल्ल्याजवळच उच्च न्यायालयाची लाल इमारत दिसते. १८९२ साली उघडलेल्या या इमारतीचे घुमट संध्याकाळच्या उजेडात फार देखणे दिसतात. यातल्या सर्वांत उंच मनोऱ्यावर १८९४ पासून जहाजांना वाट दाखवणारा दिवा होता. न्यायालय आणि दीपगृह एकाच छपराखाली! १९७७ साली मरीनावर नवे दीपगृह झाले, तेव्हा हा दिवा निवृत्त झाला.

याच आवाराच्या भिंतीवर एक छोटा फलक आहे. पहिले महायुद्ध सुरू झाले त्या वर्षी, २२ सप्टेंबर १९१४ च्या रात्री, 'एमडेन' ही जर्मन युद्धनौका गुपचूप किनाऱ्याजवळ आली आणि तिने शहरावर तोफा डागल्या. बंदरातील तेलाच्या टाक्या पेटल्या. काही माणसे दगावली. हल्ला थोडाच वेळ चालला, पण भीतीने हजारो माणसे घरेदारे टाकून शहराबाहेर पळाली. तमिळ भाषेत 'एमडेन' हा शब्द तेव्हापासून राहिला तो कायमचा. धूर्त, जबरा माणूस दिसला, की म्हातारी माणसे अजून त्याला 'एमडेन' म्हणतात.

वाळू आली कुठून?

बस परत फिरते आणि कामराजर सालै या रुंद रस्त्याने दक्षिणेकडे धावू लागते. डाव्या हाताला मरीना. सुमारे सहा किलोमीटरचा हा किनारा देशातील सर्वांत लांब शहरी किनाऱ्यांपैकी एक मानला जातो. उजव्या हाताला मद्रास विद्यापीठ, चेपॉक राजवाडा, प्रेसिडेन्सी कॉलेज या भारदस्त इमारतींची रांग. सर सी. व्ही. रामन आणि त्यांचे पुतणे एस. चंद्रशेखर, हे दोन्ही नोबेल मानकरी प्रेसिडेन्सीचेच विद्यार्थी.

बस थांबते. मार्गदर्शक परतायची वेळ तीनतीनदा बजावतो आणि मंडळी उतरतात. रस्ता ओलांडून वाळूत शिरतात आणि चालतच राहतात. पाणी काही येत नाही! मरीनाची वाळू सरासरी तीनशे मीटरच्या आसपास रुंद आहे. आजी अर्ध्यावर थांबून विचारतात, "अगंबाई, एवढी वाळू? समुद्र आहे तरी कुठे?"

या प्रश्नाचे उत्तर फार रंजक आहे आणि थोडे दुःखदही. ही वाळू मुळात येथे नव्हतीच. दीडशे वर्षांपूर्वी लाटा आजच्या रस्त्याच्या बऱ्याच जवळ येत होत्या. मद्रासला नैसर्गिक बंदर नव्हते. जहाजे खोल समुद्रात नांगर टाकत आणि माणसे, माल काथ्याने शिवलेल्या 'मसुला' होड्यांतून फेसाळत्या लाटांवरून किनाऱ्याला येत. होड्या उलटत, माणसे बुडत. म्हणून १८७६ पासून समुद्रात दगडी भिंती घालून बंदर बांधायला सुरुवात झाली. १८८१ च्या वादळाने त्या भिंती मोडल्या, त्या पुन्हा उभारण्यात आल्या.

आता गंमत अशी, की या किनाऱ्यावर लाटा तिरक्या येतात आणि वर्षभराचा हिशेब केला तर वाळू दक्षिणेकडून उत्तरेकडे सरकत असते. ही वाळूची नदीच म्हणा ना! बंदराच्या भिंतीने ती नदी अडवली. दक्षिणेकडे वाळू साचू लागली. समुद्र हटत गेला आणि किनारा रुंद होत गेला. गव्हर्नर ग्रँट डफ यांनी १८८४ साली येथे फिरण्यासाठी लांबलचक रस्ता बांधून घेतला आणि इटलीच्या आठवणीने त्याला 'मरीना' हे नाव दिले.

पण निसर्गाच्या खात्यात एका बाजूला जमा झाले, की दुसऱ्या बाजूला खर्ची पडतेच. बंदराच्या उत्तरेला, रायपुरमपासून पुढे तिरुवोट्टियूर-एन्नोरकडे, वाळू पोहोचेनाशी झाली. तेथला किनारा समुद्र खात गेला. कोळ्यांच्या वस्त्यांतली घरे, देवळे, रस्ते पाण्यात गेले. आता तेथे मोठमोठ्या दगडांचे बांध घालावे लागले आहेत. होड्या वाळूत ओढून ठेवायला जागा नसलेले कोळी त्या दगडांकडे पाहत बसतात. मरीनाच्या वाळूत मुले जो किल्ला बांधतात, त्यातली मूठभर वाळू उत्तरेच्या कुणाच्या तरी अंगणातली आहे, असे म्हटले तर फार चूक होणार नाही. सहलीची बस मात्र तिकडे सहसा जात नाही.

सुंडल, समाध्या आणि सभा

मरीनावर अंधार पडू लागला, की पेट्रोमॅक्सच्या जागी आलेले छोटे विजेचे दिवे चमकू लागतात. सुंडल विकणारी पोरे डबा घेऊन फिरतात. उकडलेले वाटाणे किंवा हरभरे, त्यात ओले खोबरे, कैरीचे तुकडे, मोहरी-कढीपत्त्याची फोडणी. आपल्या भेळेसारखी चव लागेल म्हणून हात पुढे करू नये. हा प्रकार आपल्या उसळीच्या कुळातला आहे आणि पोटालाही सोसतो. मिरची भजी, भाजलेले कणीस आणि तळलेली मासळीही असते. ज्यांना मासळीचा वास सोसत नाही, त्यांनी वाऱ्याची दिशा पाहून बसावे!

उत्तर टोकाला चार माजी मुख्यमंत्र्यांची स्मारके आहेत : अण्णादुराई, एम. जी. रामचंद्रन, जयललिता आणि करुणानिधी. एमजीआर यांच्या समाधीच्या दगडाला कान लावून बसलेली माणसे पाहून परगावची मुले चकित होतात. त्यांच्या मनगटावरचे घड्याळ आत अजून टिकटिकते, अशी भाबडी समजूत आहे. हसण्यापूर्वी एवढे लक्षात घ्यावे, की लोकांनी कुणावर इतके प्रेम करणे ही काही हसण्याची गोष्ट नाही.

जवळच चार कामगार एक प्रचंड दगड हलवत आहेत असे दाखवणारे शिल्प आहे. देवीप्रसाद रॉय चौधरी यांनी घडवलेले हे 'श्रमाचा विजय' १९५९ साली येथे बसवले गेले. देशातला पहिला कामगार दिन सिंगारवेलर यांच्या पुढाकाराने १ मे १९२३ रोजी मद्रासच्या समुद्रकिनाऱ्यावरच साजरा झाला होता. महाराष्ट्र दिनाची सुट्टी आपण ज्या तारखेला घेतो, तिचा हा दुसरा पदर.

स्वातंत्र्य चळवळीच्या काळात मरीनावर मोठमोठ्या सभा होत. सभेच्या जागेचे नाव होते 'तिलकर तिडल', म्हणजे टिळक मैदान. मंडालेच्या तुरुंगात टाकलेल्या पुण्याच्या पुढाऱ्याचे नाव मद्रासच्या वाळूला मिळाले होते. मार्च १९१९ मध्ये गांधीजी राजाजींकडे मद्रासला उतरले असताना रौलट कायद्याविरुद्ध देशव्यापी हरताळ पाळण्याची कल्पना त्यांना अर्धवट झोपेत सुचली, असे त्यांनी आत्मकथेत सांगितले आहे.

बर्फाचे घर

बस पुन्हा सुटते आणि थोड्याच वेळात एक गोल, पांढुरकी, वेगळीच इमारत दिसते. खिडकीतून तिच्याकडे पाहायला बहुधा अर्धा मिनिट मिळतो, पण सगळ्या मार्गावर स्त्रियांनी आवर्जून पाहावी अशी वास्तू हीच.

१८४२ साली ही इमारत बांधली ती बर्फ साठवण्यासाठी! अमेरिकेतील फ्रेडरिक ट्यूडर हा व्यापारी तिकडच्या गोठलेल्या तळ्यांतून बर्फाच्या लाद्या कापून, भुशात गुंडाळून जहाजाने हिंदुस्थानात पाठवत असे. पुढे येथेच बर्फ तयार होऊ लागला आणि तो धंदा बसला. फेब्रुवारी १८९७ मध्ये शिकागोहून जगभर कीर्ती मिळवून परतलेले स्वामी विवेकानंद नऊ दिवस याच वास्तूत राहिले. म्हणून आज तिचे नाव 'विवेकानंदर इल्लम', म्हणजे विवेकानंदांचे घर.

या दोन कथांच्या मध्ये तिसरी आहे आणि ती मार्गदर्शकाच्या तोंडून क्वचितच येते. आर. एस. सुब्बलक्ष्मी या स्वतः बालविधवा. जन्म १८८६ चा. वडिलांनी समाजाचा रोष पत्करून त्यांना शिकवले आणि १९११ साली त्या पदवीधर झाल्या. मद्रास इलाख्यात पदवी घेणाऱ्या त्या पहिल्या हिंदू विधवा. त्यांनी लहान वयात कपाळ पांढरे झालेल्या मुलींसाठी वसतिगृह काढले आणि पुढे ते या बर्फाच्या घरात आणले. ज्या मुलींना घरात मागल्या दाराशी बसवले जात होते, त्या येथे समुद्राच्या वाऱ्यात पुस्तके घेऊन बसू लागल्या. जवळच १९१४ साली मुलींसाठी सुरू झालेले क्वीन मेरीज कॉलेज होते. शाळा, कॉलेज आणि मग शिक्षिकेची नोकरी, असा रस्ता त्यातल्या अनेकींना सापडला.

मराठी वाचकाला येथे हिंगण्याची आठवण झाल्याशिवाय राहणार नाही. अण्णासाहेब कर्व्यांनी पुण्याजवळच्या माळावर जे काम सुरू केले होते, त्याच जातीचे काम सुब्बलक्ष्मींनी मद्रासच्या समुद्रकाठी केले. आजीच्या आजीच्या काळातली एखादी लाल आलवण नेसलेली आत्या घरोघरच्या आठवणीत असते. अर्धा मिनिट का होईना, त्या आत्यासाठी या खिडकीतून बाहेर पाहावे.

पाण्याला नमस्कार लांबूनच

दीपगृहाच्या जवळ पुन्हा समुद्र येतो. १९७७ सालच्या या दीपगृहाला वर जायला लिफ्ट आहे. २०१३ मध्ये ते लोकांसाठी पुन्हा खुले झाले. वेळेत पोहोचले, तर वरून मरीनाची पूर्ण पट्टी आणि तिच्या कडेच्या नोच्चिकुप्पमसारख्या कोळीवाड्यांतल्या होड्या दिसतात. 'कुप्पम' म्हणजे कोळीवाडा. आज जगभर 'कॅटामरान' म्हणून ओळखली जाणारी होडी ही मूळची तमिळ 'कट्टुमरम' आहे. कट्टु म्हणजे बांधणे, मरम म्हणजे लाकूड. ओंडके दोरीने बांधून केलेला हा तराफा येथल्या कोळ्यांनी जगाला दिला.

येथे मात्र एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे. मरीनाचे पाणी दिसायला साधे असले, तरी पोहायला धोक्याचे आहे. किनारा एकदम खोल होतो आणि पायाखालची वाळू ओढून नेणारा आतला प्रवाह जबरदस्त असतो. पोलिसांनी येथे पोहायला बंदी घातली आहे. पाहुणे म्हणून आलेली, गुडघाभर पाण्यात उतरलेली तरुण मुलेच बहुधा बळी पडतात. पुढे बेझंटनगरच्या किनाऱ्यावर एक पांढरी कमान उभी आहे. ३० डिसेंबर १९३० रोजी बुडणाऱ्या माणसाला वाचवताना प्राण गमावलेल्या कार्ल श्मिट या डॅनिश खलाशाचे ते स्मारक. मुले त्या कमानीसमोर फोटो काढतात. कमान कशाची, हे त्यांना सांगावे, म्हणजे वेगळा उपदेश करावा लागत नाही.

आणि २६ डिसेंबर २००४ ची ती रविवारची सकाळ. मरीनावर फेरफटका मारणारी माणसे होती, क्रिकेट खेळणारी मुले होती, जाळी आवरणारे कोळी होते. सुमात्राजवळच्या भूकंपाने उठलेल्या त्सुनामी लाटा काही तासांत येथे येऊन आदळल्या. चेन्नईतच दोनशेहून अधिक माणसे गेली. तामिळनाडूच्या नागपट्टिणम जिल्ह्यात तर हजारो. आज त्याच वाळूत पोरे पतंग उडवतात, घोड्यावर बसतात. समुद्राने घेतलेले विसरायचे नाही आणि समुद्रावर यायचेही सोडायचे नाही, हे येथल्या माणसांना जमले आहे.

आजींना पाण्याला पाय लावायचाच असेल तर? वाळूतून तीनशे मीटर चालणे गुडघ्यांना झेपत नाही. त्यासाठी नोव्हेंबर २०२२ मध्ये मरीनावर अडीचशे मीटरहून लांब असा लाकडी मार्ग बांधला गेला. चाकाच्या खुर्चीतली माणसे त्यावरून पाण्याच्या जवळपर्यंत जाऊ लागली. कितीतरी जणांनी मरीनाच्या लाटा जवळून पाहिल्या त्या त्या वेळी आयुष्यात प्रथमच. पुढच्याच महिन्यात 'मंडूस' चक्रीवादळाने त्याचा काही भाग मोडला, तो नंतर दुरुस्त केला गेला. आजीला तेथे न्यावे. पाण्याच्या काठाशी थांबावे. नमस्कार करायला तेवढे अंतर पुरते.

मैलापूरची दिवेलागण

सांतोमचे उंच शुभ्र चर्च मागे टाकून बस मैलापूरकडे वळते. येशूचे शिष्य संत थॉमस यांची समाधी या चर्चमध्ये आहे, अशी श्रद्धा आहे. आजची इमारत १८९६ मध्ये पूर्ण झाली. कपालीश्वराचे मूळ देऊळही या समुद्रकाठीच होते. पोर्तुगीजांच्या काळात ते गेले आणि आतल्या बाजूला आजचे देऊळ उभे राहिले, असे मानतात. सुमारे ३७ मीटर उंचीचे गोपुर, त्यावर रंगीत मूर्तींची दाटी, शेजारी पायऱ्यांचा मोठा तलाव आणि भोवतीच्या माडा वीथींत मोगऱ्याच्या वेण्या, पितळी समया, पूजेचे सामान.

देऊळ दुपारी बंद असते आणि चारच्या सुमारास उघडते. त्यामुळे संध्याकाळची वेळच येथे सर्वांत चांगली. नादस्वरम सुरू होते, तेलाचे दिवे लागतात आणि दिवसभर धावणारे घर क्षणभर हात जोडून उभे राहते. नऊवारीच्या काठाची आठवण करून देणाऱ्या कांजीवरम साड्या पाहून आई-मावशींचे पाय दुकानाशी अडखळतात. मार्गदर्शकाने दिलेल्या वेळेत साडी घेणे हे मात्र कुणालाही जमलेले नाही. त्यासाठी वेगळा दिवस काढावा.

मैलापूर हे जुन्या मद्रासच्या वकील-दिवाणांचे ठिकाण. तंजावरच्या मराठी घराण्यातले सर टी. माधवराव यांचा १८९१ मध्ये येथेच मृत्यू झाला. त्रावणकोर, इंदूर आणि बडोदा या तीन संस्थानांचे ते दिवाण होते. बाल सयाजीराव गायकवाडांच्या वतीने बडोद्याचा कारभार सावरणारे ते हेच. १८८७ साली मद्रासला काँग्रेसचे अधिवेशन भरले, तेव्हा स्वागत समितीचे अध्यक्षही तेच होते. व्यंकोजीराजांबरोबर आणि त्यांच्या मागून तंजावरला गेलेल्या मराठी कुटुंबांचे वंशज आजही चेन्नईत राहतात. घरात त्यांची जुनी वळणे असलेली मराठी बोलतात आणि दारात अस्सल तमिळ.

मार्गात कुठे ना कुठे रजनीकांतचे भलेमोठे चित्र दिसते आणि बसमध्ये कुजबुज होते. शिवाजीराव गायकवाड हे त्यांचे मूळ नाव. बंगळूरच्या मराठी घरातला हा मुलगा बसमध्ये तिकिटे फाडायचा. मद्रासच्या चित्रपट प्रशिक्षण संस्थेत आला आणि १९७५ साली पडद्यावर झळकला. बसच्या पायरीवर उभ्या असलेल्या कंडक्टरकडे मग मुले जरा निरखून पाहू लागतात!

निघण्यापूर्वी

ही सहल आखताना काही गोष्टी लक्षात ठेवाव्यात. आपली दिवाळीची सुट्टी आणि चेन्नईचा पाऊस बहुधा एकत्र येतात. येथला मोठा पाऊस ईशान्य मोसमी वाऱ्यांचा, ऑक्टोबर ते डिसेंबरचा. डिसेंबर २०१५ आणि डिसेंबर २०२३ मध्ये शहरात मोठे पूर आले होते. मेच्या सुट्टीत उकाडा जीव घेतो. जानेवारी-फेब्रुवारी हे महिने सर्वांत सुखाचे. त्याच दिवसांत ऑलिव्ह रिडले कासवे अंडी घालायला या किनाऱ्यावर येतात आणि विद्यार्थी स्वयंसेवक रात्री किनाऱ्यावर चालत त्यांची घरटी राखतात. वेळासचा कासव महोत्सव पाहिलेल्या मुलांना याचे फार कौतुक वाटेल.

पाण्याची बाटली, टोपी आणि सहज काढता येतील अशा चपला बरोबर असाव्यात. चार तमिळ शब्द मुलांना पाठ करायला लावावेत : 'वणक्कम' म्हणजे नमस्कार, 'एव्वळवु' म्हणजे किती, 'तण्णी' म्हणजे पाणी आणि जेवताना अत्यंत उपयोगी असा 'पोदुम', म्हणजे पुरे. परगावच्या मुलाच्या तोंडून 'नन्री' हा आभाराचा शब्द ऐकला, की सुंडलवाला मूठभर जास्त घालतो.

रात्री बस वालाजा रोडला परत येते, तेव्हा मुले खांद्यावर मान टाकून झोपलेली असतात. चपलांत वाळू असते. लॉजवर गेल्यावर आई ती मोरीत झटकते आणि पुटपुटते, "अगंबाई, केवढी ही वाळू!" आजी अंथरुणावरून म्हणतात, "जपून गं. कुणाच्या तरी अंगणातली आहे ती."